वीस सुरुंग

युद्धस्थळं दाखवणाऱ्या सहलीचा तिसरा थांबा म्हणजे नुसतं मोकळं मैदान होतं. गाइडने सगळ्यांना बसमधून उतरवलं आणि काचेच्या चौकटीतला जुना कागद दाखवला.

“या मैदानात वीस सुरुंग पुरले होते. वीसच्या वीस काढले. आता खुशाल फिरा, फोटो काढा.”

लोक पांगले. सहलीतल्या एका आजोबांची नात सगळ्यांच्या पुढे धावली.

“चिमणे, थांब! आहेस तिथेच उभी राहा, पाऊल टाकू नकोस!”

आजोबा एवढ्या जोरात ओरडले की नात उचललेला पाय तसाच धरून उभी राहिली. बाकीचेही थबकले, मग हसू लागले.

“बाबा, काय हे? लोक हसतायत,” त्यांची मुलगी दंड धरून पुटपुटली.

“हसू देत. अहो गाइड, सगळ्यांना माघारी बोलवा. ज्या पावलांनी गेले, त्याच पावलांवर पाय ठेवून.”

“आजोबा, लढाई संपून चाळीस वर्षं झाली,” गाइड म्हणाला. “दुधाने तोंड पोळलं म्हणून ताकही फुंकून पिताय होय? हा सरकारी कागद आहे. पुरणाऱ्याने स्वतः आकडा सांगितलाय, खाली त्याचा अंगठा आहे.”

“तो अंगठा माझा आहे,” आजोबा म्हणाले. त्यांची नजर नातीच्या पायावरून हलली नाही. “साहेबाने विचारलं, किती पुरलेस? मी म्हणालो, वीस. तेव्हा मला विसाच्या पुढे मोजताच येत नव्हतं.”