कोरियाचा भात

जपान्यांच्या कैदेतून चार वर्षांनी पलूसला परतलेला कृष्णात चुलीपुढं बसला. तिथल्या एका कोरियन पहारेकऱ्यानं शिकवलेला भात त्याला घरच्यांना खाऊ घालायचा होता. मीठ, मिरची, लसूण लावून आठवडाभर मडक्यात आंबवलेला कोबी त्यानं कढईत परतला आणि वर कालचा भात टाकला.

"शिळा भात? माझ्या लेकराला शिळं खायला घातलं व्हय रं त्या मेल्यांनी?" रंगूबाईनं डोळ्याला पदर लावला. "त्यास्नी काळीज हाय का न्हाई?"

सासूचं ते रडणं बघून बनुबाईला किळस आली. नवऱ्यादेखत ती पहिल्यांदाच बोलली,



"ते तरी दुश्मन हुते, आत्याबाई. मला चार वर्सं शिळं कुणी वाढलं?"