सॅक्सोफोनच्या मागे

“पियानोवाल्याला काढून टाक,” सॅक्सोफोनवाला म्हणाला. “नाहीतर माझी परवानगी नाही.”

माहितीपट करणारी बाई एडिटिंगच्या खुर्चीतून वळली. जॅझ वाजवणाऱ्या या चौघांच्या मागे ती कॅमेरा घेऊन वर्षानुवर्षं हिंडली होती. तळघरातले क्लब, हॉटेलं, बागेतले कार्यक्रम, काही म्हणून सोडलं नव्हतं. नेम एकच. आपण टिपायचं, मध्ये पडायचं नाही.

चौकडी फुटली त्या दिवशीही ती टिपतच होती. भर तालमीत सॅक्सोफोनवाल्यानं पियानोवाल्याला फैलावर घेतलं. “माझं वाजवणं रंगात आलं की तू मध्ये घुसतोस. जळतोस माझ्यावर!” ड्रमवाला आणि बासवाला खाली बघत राहिले. पियानोवाल्यानं हूं की चूं केलं नाही. झाकण लावलं, कोट उचलला आणि चालता झाला.

“काढते,” ती आता म्हणाली. “पण कुठे कुठे घुसला, ते तुम्हीच दाखवा.”

त्याला सगळं तोंडपाठ होतं. “हे बघ. ऐन रंगात आलो होतो, आणि इथे घुसला!”

तिनं दृश्य थांबवलं. मंचावर हा पुढे उभा राहायचा आणि पियानो असायचा पाठीमागे. वाजवताना पियानोवाल्याचा चेहरा त्याला दिसणंच शक्य नव्हतं. बाजूच्या कॅमेऱ्याला मात्र दिसला होता. ती जराशी घुटमळली. मग आवाज बंद करून तिनं बाजूच्या कॅमेऱ्याचं चित्रण लावलं.

पडद्यावर सॅक्सोफोनवाल्याचे खांदे वर चढले. मानेच्या शिरा ताठल्या. मागे पियानोवाला पट्ट्यांकडे बघतच नव्हता, त्याची नजर त्या खांद्यांवर होती. खांदे थरथरले, तसे त्याचे दोन्ही हात पट्ट्यांवर कोसळले. सॅक्सोफोनवाल्यानं वाद्य खाली घेतलं आणि तोंड उघडून श्वास ओढला. लोक पियानोला टाळ्या देत होते.

“पुढचं लाव.”

पुढचंही तसंच होतं. त्याच्या पुढचंही.

“दम लागतो, हे मी घरीसुद्धा कळू दिलं नव्हतं,” तो पुटपुटला.

त्यानं खिशातून फोन काढला. घंटी बराच वेळ वाजत राहिली. खोली एवढीशी, त्यामुळे पलीकडचा आवाज तिलाही ऐकू आला.

“बोल.”

“त्या दिवशी गप्प का बसलास? वाट्टेल ते बोललो मी तुला. खरं काय ते तोंडावर सांगून टाकायचंस!”

पियानोवाला अगदी सहज म्हणाला, “अरे, तिथे सगळे होते ना.”