काखेतली टोपी

निम्मी गल्ली चालून झाल्यावर मेजर जनरल हॅलोवेलसाहेबांच्या लक्षात आलं, की बायका पटापट घरात शिरताहेत.

एक जण कपडे वाळत घालत होती. ती ओली चादर गवतावर टाकून आत पळाली. समोरच्या घरातला रेडिओ बंद झाला. सगळीकडे पडदे ओढले गेले आणि प्रत्येक पडद्याच्या कडेला कुणीतरी उभं राहिलं.

"काय हो पाद्रीबाबा, आपलं काही चुकलं का?" साहेबांनी सोबतच्या ट्रेगियरला विचारलं. हा पलटणीचा पाद्री.

ट्रेगियरचा चेहरा पांढराफटक पडला होता. "साहेब, टोपी! आधी ती टोपी डोक्यावर घाला."

जुलैचं ऊन तापलं होतं, म्हणून साहेबांनी टोपी काढून काखेत धरली होती. गॅसवाल्यांनी कोपऱ्यावर रस्ता खणून ठेवला होता, म्हणून गाडी सोडून ते पायी आले होते. दुपारी परेड होती, म्हणून अंगावर पुरा गणवेश, छातीवर पदकं. पण पलटण अफगाणिस्तानात लढत असताना तिच्या सैनिकांच्या बायकामुलांच्या वसाहतीत गणवेशातली दोन माणसं यावीत, त्यातला एक पाद्री असावा आणि दुसऱ्याच्या काखेत टोपी असावी, याचा अर्थ एकच. कुणाचा तरी नवरा गेला.

अरे देवा! हे त्यांना कळू नये? कोवळे कॅप्टन होते तेव्हा, आयर्लंडमधल्या बॉम्बस्फोटांच्या त्या वाईट दिवसांत, घरी जाऊन अशी खबर देण्याचं काम त्यांच्या गळ्यात पडलं होतं. पहिल्या दाराशी जाऊन आल्यावर कुंपणाआड भडाभडा ओकले होते. पुढे मेजर झाले, कर्नल झाले, आणि दारं वाजवण्याचं काम खालच्यांकडे गेलं. साहेबांनी फक्त अंत्यविधीला ताठ उभं राहायचं. तीस वर्षांत ते दार वाजवणं साफ विसरले.

आणि आले होते कशाला, तर बाळ बघायला! सार्जंट डॉब्सन म्हणजे त्यांचा एके काळचा ड्रायव्हर. मागे तिकडच्या छावणीत भेटला तेव्हा म्हणाला होता, "साहेब, लेक झालीय. मी काही अजून पाहिली नाही. तुम्ही तरी बघून या." साहेबांनी शब्द दिला होता. बाळासाठी चांदीचा चमचा खिशात होता.

टोपी डोक्यावर चढवून त्यांनी डॉब्सनचं दार वाजवलं.

"मी नाही उघडणार," आतून आवाज आला.

"शेरिल, अगं मी हॅलोवेल. डॉब्सन ठणठणीत आहे."

"खोटं! जा इथून. मी दार उघडलं नाही तर तो मेला नाही."

साहेब पायरीवर गुडघे टेकून बसले आणि पत्रं टाकायच्या फटीला त्यांनी तोंड लावलं. "पोरी, आईशपथ सांगतो. जिवंत आहे तो. मी बाळ बघायला आलोय गं!" आणि फटीतून त्यांनी चमचा आत सरकवला.

तो आत फरशीवर पडल्याचा आवाज झाला. बऱ्याच वेळाने दार उघडलं. बाळाला छातीशी धरून शेरिल उंबऱ्यातच मटकन बसली. ट्रेगियरने तिला सावरलं. "बाळ बघायला असं येतात होय?" ती हसत होती की रडत होती, कळत नव्हतं. "जीव गेला असता ना माझा, मेल्यांनो!"

समोरची खिडकी धाडकन उघडली. "तिचा नाही? मग कुणाचा?"

"कुणाचाच नाही!" साहेब ओरडले.

"मग टोपी कशाला काढली होती?" तिसऱ्या घरातून कुणी किंचाळलं. "सांगा ना, कुणाचा?"

ओरडून कुणाचा विश्वास बसेना. साहेब दारोदार निघाले. वाजवायचं, दोन पावलं मागे सरायचं आणि म्हणायचं, "बाई, तुमचा नवरा सुखरूप आहे." एकीने गळ्यात पडून हंबरडा फोडला. एकीने तोंडावर दार आपटलं. साहेबांना घाई सुटली. आणखी एक क्षणही कुणाला त्या पडद्याआड उभं राहावं लागू नये, एवढंच आता डोक्यात होतं. ते जवळजवळ पळायला लागले.

"साहेब!" शेरिलला धरून बसलेला ट्रेगियर मागून ओरडला. "थांबा! ते शेवटचं दार नको!"

साहेबांनी मागे न बघता हात वर केला. "मी बघतो, ट्रेगियर."

शेवटचं दार वाजवायच्या आतच उघडलं. बाई दाराशीच उभी होती.

"तुमचा नवरा सुखरूप आहे, बाई," साहेब धापा टाकत म्हणाले. "अगदी सुखरूप."

मग त्यांनी तिचा चेहरा पाहिला. मे महिन्यात एका दफनविधीनंतर चर्चच्या आवारात त्यांनी याच बाईचे दोन्ही हात हातात घेतले होते. लान्स कॉर्पोरल पीकची लिॲन. वर्षभर तरी तिला या घरातून हलवू नका, असा हुकूम त्यांनीच दिला होता.

साहेबांचा हात आपोआप टोपीकडे गेला आणि मध्येच थबकला.

लिॲन रडली नाही. तिने दार आणखी थोडं उघडलं.

"साहेब," ती म्हणाली, "परत एकदा म्हणा ना."