सात खिळ्यांचा जोड

"डावा चावतो," बूट पुसत मोचीकाका म्हणाले. "पण तोंडावर दिसू द्यायचं नाही. आजवर सात जणांना चावला. सातही जणांना नोकरी लागली."

धुणंवालीच्या लेकीला सगळे चिमणी म्हणत. तिचे पायही तसेच. बुटात बोटभर जागा उरली. शेजारच्या काकूने पुढे चिंधी कोंबली.

मुलाखतीला घालण्याजोगा जोड साऱ्या वस्तीत हा एकच. ज्याला बोलावणं येई, त्याच्या पायात तो जाई. नोकरी लागली, की काका टाचेत एक पितळी खिळा ठोकत. आता सात खिळ्यांनी तो फरशीवर घोड्यासारखा वाजायचा.

"सगळी वस्ती पायात घालून चाललीस," काकू म्हणाली. "धडपडू नकोस म्हणजे झालं!"

मग जी ती हसत सुटली. आईचा जप चालू होता, म्हणून ती नुसती डोळ्यांनी हसली. सोड्याने तिच्या हातांची सालटी निघाली होती. चिमणीला नोकरी लागली, तरच ते हात पाण्याबाहेर येणार होते.

इस्पितळाची फरशी आरशासारखी. पहिल्याच पावलाला टाक्! बाकावरच्या सगळ्या मुली वळल्या. चिमणी लाजली आणि चवड्यांवर चालू लागली. खोलीत शिरली ती मांजरीच्या पावलांनी.

मुलाखत घेणाऱ्या मोठ्या बाईंच्या चेहऱ्याला कडक इस्त्री होती.

"दोन रोगी एकदम ओरडले, तर आधी कुणाकडे जाशील?"

"तिसरा गप्प का आहे, ते आधी बघेन, बाई."

बाईंचं पेन थबकलं. आणखी दहा प्रश्न झाले. मग कागदावर शिक्का बसला.

"सोमवारपासून ये."

चिमणीला कसलं भान राहतंय! नमस्कार अर्धाच झाला, पिशवी खुर्चीतच राहिली आणि ती दाराकडे धावली. टाक् टाक् टाक् टाक्! खोली दणाणली.

"थांब!"

चिमणी उंबऱ्यातच थिजली. मारलेला शिक्का पुसता येतो का, देव जाणे.

बाई टेबलाला वळसा घालून आल्या. पदर सावरून खाली बसल्या. तिचा पाय हळूच उचलून टाचेवरचे खिळे बोटाने मोजू लागल्या. एक, दोन, तीन. तिसऱ्यावर बोट थांबलं, आणि इस्त्री पार विसकटली.

"डावा अजून चावतो का गं?"