अकरा वेळा विधवा

"काका, आधी बसायचं, मग बोलायचं," ईरा म्हणाली. "आणि ते पेन टकटक करायचं नाही."

डॉक्टर श्रीनिवासांनी पेन खिशात कोंबलं. एकतीस वर्षं मेडिसिन केलेल्या माणसाला खुर्चीत बसायचं कसं ते शिकवायला ही कालची पोर! लीड्सच्या मराठी मंडळात हिला त्यांनी फ्रॉक घालून नाचताना पाहिलेलं. इथेच वाढलेली, मराठी अजून मोडकंच. आता ती हॉस्पिटलची ट्रेनर आणि ते विद्यार्थी. शी!

कारण काय, तर एक तक्रार. नोव्हेंबरात बेड चौदाचा पेशंट गेला. डॉक्टरांनी जाता जाता कॉरिडॉरमध्ये त्याच्या बायकोला सांगितलं. ती मटकन खाली बसली, तर हे म्हणाले, "मॅडम, इथे नाटक नको." झालं! मागे सतरा पेशंट खोळंबलेले, माणसाने बोलायचं तरी किती गोड? तेव्हापासून त्यांना वॉर्डवर जायची बंदी होती. आज वाईट बातमी नीट सांगायच्या परीक्षेत पास झाले तर सोमवारी परत वॉर्डवर, नाही तर कायमचं घरी बसायचं.

"कोण होती गं ती बाई?" त्यांनी विचारलं.

"मला पण नाही माहीत. तक्रारीवरची नावं झाकून येतात. मी त्यावरून फक्त सीन लिहिलाय. आणि काका, फॉर्मवर दोन सह्या लागतात. माझा आणि पेशंटचा."

"पेशंट कसली? नटी आहे ती!"

"तरी तिचा सही लागतो. त्या बाईचा रोल वेल्मा करते, आमचा बेस्ट ॲक्टर आहे, हां."

एका नटीच्या सहीवर आपली डॉक्टरकी टांगलेली!

वेल्मा ट्रास्क आतल्या खोलीत बसली होती. सत्तरीची अमेरिकन बाई. ओठ लालभडक रंगवलेले, हातात चहा, चहात बिस्किट. डॉक्टर आत आले तशी ती त्यांच्याकडे बघतच राहिली. बिस्किट विरघळून बुडाशी गेलं तरी तिचं लक्ष नाही. मग तिने बोट घालून तो लगदा काढला आणि खाल्ला. डॉक्टरांनी तोंड फिरवलं.

ईरा फॉर्म आणायला गेली. गप्प तरी किती बसायचं, म्हणून त्यांनी इंग्रजीत विचारलं, "सिनेमात काय काय केलंत?"

"ओहायोतल्या फिरत्या नाटक कंपनीत सुरुवात केली. मग तीस वर्षं शेजारीण, नर्स, बसमधली बाई. लीड्सच्या माणसाशी लग्न केलं आणि इथे आले. इथल्या मालिकांत मला विधवाच देतात. कॅमेऱ्यापुढे अकरा वेळा विधवा झालेय. त्यातल्या दोनदा तर तोंडी शब्दही नव्हता." ती हसली. "माझा चेहरा कुणाच्या लक्षात राहत नाही. त्यावरच पोट चाललं."

"मी पेशंटचा चेहरा कधी विसरत नाही," डॉक्टर म्हणाले.

"मी पेशंट नाही ना."

ईरा परतली. कोपऱ्यात बसून तिने मान डोलावली. डॉक्टर खुर्चीवर बसले. खुर्ची पुढे ओढली, आवाज खाली आणला आणि पाठ केलेली वाक्यं म्हणू लागले. स्वतःचाच तो गुळगुळीत आवाज ऐकून त्यांच्या अंगावर शहारे आले. दुःखाचंही दुकान मांडतात लेकाचे!

"तुमचे पती थोड्या वेळापूर्वी गेले."

वेल्मा रडली नाही. तिने त्यांची बाही धरली. बिस्किटाची चिकट बोटं, इस्त्रीचा शर्ट!

"त्याचा चष्मा कुठेय?" ती म्हणाली. "चष्म्याशिवाय त्याला काही दिसत नाही."

माणूस मेला आणि हिला चष्म्याची पडलीय! काय हा भिकार अभिनय! डॉक्टर बळेच शांत राहिले. "तुम्हाला धक्का बसलाय, मी समजू शकतो," ते म्हणाले.

मग ती खुर्चीवरून घसरली आणि जमिनीवर बसली. अच्छा! म्हणजे तक्रारीतलंच इथे उतरवलंय. सापळा ओळखून डॉक्टर मनातल्या मनात हसले. गुडघे कुरकुरले, तरी तेही खाली बसले. जमिनीवर बिस्किटाचा चुरा होता. नाक न मुरडता त्यांनी तिचा हात हातात घेतला आणि म्हणाले, "सावकाश. मी इथेच आहे."

ती बराच वेळ त्यांच्या तोंडाकडे बघत होती.

"काका, छान!" ईराने टाळी वाजवली, सही ठोकली आणि फॉर्म वेल्मापुढे सरकवला. "पास! आता तिचा सही झाला की सोमवारी वॉर्ड."

डॉक्टर पँट झटकत उठले. चुरा गेला, किळस जाईना. "तो चष्म्याचा भाग तू लिहिलास?"

"नाही, तो तिने स्वतः घातला."

"वाटलंच!" डॉक्टरांचं आता काय, गंगेत घोडं न्हालं होतं. जीभ सुटली. वेल्माकडे वळून ते इंग्रजीत म्हणाले, "एक सांगू? मी खऱ्या बायका रोज बघतो. नवरा गेल्यावर कुणी चष्मा मागत नाही. अकरा वेळा विधवा होऊनही तुम्हाला हे ठाऊक नाही?"

वेल्माने पेनचं टोपण काढलं होतं. ते तिने परत लावलं. तिच्या सहीची जागा कोरीच होती.

"बारा," ती म्हणाली. "बारावी वेळ नोव्हेंबरात. चष्मा बेड चौदाच्या लॉकरमध्ये राहिला होता, डॉक्टर. तेवढंच विचारायचं होतं, तर तुम्ही म्हणालात, इथे नाटक नको."