आतली चार बोटं

मुलीच्या अंगावरचा नवा कोट आईने सहज खालून उलटून पाहिला आणि तिचा हात थांबला. आत दुमडलेलं कापड नव्हतं. बाह्यांतही नव्हतं.

"शिंपीकाका, वाढीसाठी काहीच नाही ठेवलंत?"

काकांच्या तोंडात टाचण्या होत्या. उत्तर टाळायला तेवढं निमित्त पुरलं. तीस वर्षं पोरांच्या प्रत्येक कपड्यात चार बोटं जास्तीचं कापड आत दुमडणारा हा माणूस. त्यांनी शिवलेला कोट उसवत उसवत तीन-तीन वर्षं चालायचा. पण गेले काही महिने मशीनशेजारचा रेडिओ दिवसभर चालू असे. कुठे तोफा, कुठे वितळणारा बर्फ, आणि मध्येच कुणी विद्वान जगाची उरलेली वर्षं सांगून जायचा. ऐकता ऐकता काका कापड बेतायचे ते अगदी अंगाबरोबर. मुद्दाम नव्हे. हातच आखडला होता.

त्यांनी टाचण्या काढल्या. "म्हटलं, पुढच्या वर्षी..."

आता बाई चांगलीच फैलावर घेणार, म्हणून त्यांनी मान खाली घातली. पण ती रेडिओकडे बघत होती.

"तुम्हीसुद्धा?" ती हळूच म्हणाली. "मी माळ्यावर तांदूळ भरून ठेवलाय. मेणबत्त्याही. घरात कुणाला बोलले नाही."

काकांना मेल्याहून मेल्यासारखं झालं. ती भांडली असती तर बरं झालं असतं.

"मग पुढच्या वर्षी मी काय घालू?" मुलीने वैतागून विचारलं.

रेडिओवरचा माणूस बोलतच होता. काकांनी उठून रेडिओचा कान पिळून तो बंद केला. मग उरलेल्या कापडाची गुंडाळी शोधून ती टेबलावर पसरली. ती फारशी मोठी नव्हती.

"आतून पट्टी जोडून देतो. किती वाढणार आहेस तू?"

मुलगी टाचा उंचावून उभी राहिली. हात डोक्यावर ताणून तिने बोटं दाराच्या वरच्या कडीला लावली.

"एवढी."

"अगं, एवढी तर मीही नाही," आई म्हणाली. तिला हसू आलं आणि डोळेही भरून आले.

मुलीने हात खाली घेतला नाही. काकांनी गळ्यातली फीत काढली, एक टोक पायाखाली दाबलं आणि दुसरं वर वर नेलं.

"हलू नकोस," ते म्हणाले. "माप चुकेल."