पाण्याखालची घरं

दिवेलागणीला शाळेच्या भिंतीवर शंभर वर्षांपूर्वीचा मूकपट सुरू झाला. परदेशातला कुठला तरी धबधबा कोसळत होता, पण आवाज नव्हता. मग तळं आलं. तळ्यात होडी, होडीत टोप्या घातलेल्या बाया.

"बघा, पाण्याची हौस लोकांना तेव्हापासूनची," ठेकेदार माईकवर म्हणाला. "आपल्या धरणावरही असंच बोटिंग सुरू करायचंय. होड्या आमच्या, माणसं आमची. गावानं फक्त हो म्हणायचं. तुम्हाला काही तकलीफ नाही."

गाव त्याच धरणात बुडालेलं. माणसं वर माळावर येऊन राहिली, त्याला चाळीसेक वर्षं झाली होती.

पुढं बसलेल्या अनुसयाबाई उठल्या आणि भिंतीपाशी गेल्या. तळं त्यांच्या लुगड्यावर हलायला लागलं.

"बाई, सरका की. दिसत न्हाई."

"मला दिसून राहिलं." त्यांनी होडीच्या खाली बोट टेकवलं. "हितं आपलं विहार व्हतं. हितं जळबाची इहीर. अन् हे माहं घर. पाण्यानं चूल बी काढू दिली न्हाई."

ठेकेदार हसला. "आजी, हे तळं परदेशातलं आहे."

"असू द्या. त्याच्या खाली कोणाचं घर हाय, इचारलं का तुमी?"

मागून जळबा ओरडला, "चिंचेच्या उजव्या अंगाला माहं!"

"मारुतीच्या पाराला लागून आमचं!" सुमनबाई उभ्याच राहिल्या.

लॅपटॉपपाशी ग्रामपंचायतीतली पल्लवी बसली होती. ठेकेदारानं तिला खूण केली, "बंद कर."

"अजून संपला न्हाई, सर."

"होडी चालंल," अनुसयाबाई म्हणाल्या. "न्हाई कोण म्हनतं? पण आमची पोरं चालवतील. आमच्या घरावरून परक्याची होडी जानार न्हाई."

ठेकेदाराचा आवाज चढला. "एकट्या आजी म्हणजे गाव नाही. आणखी कोणाचं घर आहे खाली? करा हात वर!"

आधी म्हातारे हात वर गेले. मग त्यांच्या लेकासुनांचे. धरणानंतर जन्मलेल्या पोरापोरींनीही हात वर केले. पल्लवी खुर्चीवरून उठली आणि प्रोजेक्टरच्या झोतात इतरांच्या हातांमागं तिनंही आपला हात धरला.

भिंतीवर तळं उरलं नाही. नुसत्या हातांच्या सावल्या होत्या.